अभयारण्याचे लाभक्षेत्र

धरणाला दोन क्षेत्रे असतात. एक बुडीत क्षेत्र आणि दुसरे लाभक्षेत्र. वरच्या अंगाला ज्यांची घरेदारे, शेते आणि देवळे पाण्याखाली जातात ते बुडीत क्षेत्रातले. खालच्या अंगाला त्याच पाण्यावर ज्यांचा ऊस वाढतो ते लाभक्षेत्रातले. या दोहोंचे एकमेकांशी काही देणेघेणे आहे, ही गोष्ट महाराष्ट्राच्या राज्यकर्त्यांना आपणहून सुचली नव्हती. बाबा आढाव, नागनाथअण्णा नायकवडी आणि पुढे भारत पाटणकर यांच्यासारख्यांनी उभ्या केलेल्या धरणग्रस्तांच्या चळवळींनी ती त्यांच्या गळी उतरवली. ‘आधी पुनर्वसन, मग धरण’ ही मागणी या मातीतून उठली. १९७६ साली राज्याने प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा केला. १९८६ आणि १९९९ साली तो नव्याने करण्यात आला.

या कायद्याचे मर्म थोडक्यात सांगता येते. धरणाच्या पाण्याने ज्याची कोरडवाहू जमीन बागायती होणार, त्याची धारणा ठरावीक मर्यादेहून अधिक असल्यास त्याने विस्थापितासाठी जमिनीचा काही हिस्सा द्यावा. अंमलबजावणीत या तत्त्वाची काय दशा झाली हे सर्वश्रुत आहे. बड्या बागायतदारांनी कागदोपत्री वाटण्या दाखवल्या, स्थगित्या मिळवल्या, नापीक तुकडे पुढे केले. तरीही तत्त्व कायद्याच्या पुस्तकात उभे आहे आणि धरणग्रस्त त्यावर बोट ठेवून भांडू शकतो.

अभयारण्याने उठवलेल्या माणसाला असे बोट ठेवायला जागा नाही. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात अभयारण्य आहे, राष्ट्रीय उद्यान आहे, २००६ च्या दुरुस्तीने आलेले व्याघ्र प्रकल्पाचे गाभाक्षेत्र आणि बफर क्षेत्र आहे. लाभक्षेत्र मात्र नाही. जणू जंगल राखल्याने कोणाचाच लाभ होत नाही. तोटा तेवढा होतो आणि तो डोंगरातल्या माणसांनी निमूटपणे सोसावा! ही समजूत अर्थशास्त्राच्या दृष्टीने खोटी आणि न्यायाच्या दृष्टीने निंद्य आहे. सह्याद्रीतल्या अभयारण्यांना लाभक्षेत्र आहे. ते विस्तीर्ण आहे, सधन आहे, आणि ते कोठवर पसरले आहे हे ज्याला पाहायचे असेल त्याने शिरोळ तालुक्यातील नृसिंहवाडीच्या घाटावर उभे राहावे.

संगमावरचा हिशेब

नृसिंहवाडीला कृष्णा आणि पंचगंगा एकमेकींना भेटतात. पावसाळ्यात पाणी पायरी पायरी चढत मंदिरात शिरते, दत्तपादुकांवरून वाहत दक्षिणेच्या दाराने बाहेर पडते, आणि त्या दक्षिणद्वार सोहळ्याच्या स्नानासाठी गावोगावचे भाविक धावत येतात. त्या पाण्यापुढे हात जोडणाऱ्या प्रत्येकाने एकदा स्वतःला विचारावे, की हे पाणी येते कोठून?

कोयना महाबळेश्वरच्या डोंगरात उगम पावून कोयना अभयारण्याच्या कुशीतून वाहते आणि कराडला कृष्णेला मिळते. वारणा पाथरपुंजच्या परिसरातून निघते, चांदोलीच्या राष्ट्रीय उद्यानातून उतरते आणि सांगलीजवळ हरिपूरला कृष्णेत विसर्जित होते. भोगावती दाजीपूर-राधानगरीच्या रानातून येते. विशाळगडाच्या बाजूने कासारी, गगनबावड्याच्या बाजूने कुंभी आणि त्यांच्या जोडीला तुळशी येऊन पंचगंगा होते. म्हणजे सह्याद्रीच्या या पट्ट्यातील मोठी राखीव राने वेगवेगळ्या वाटांनी आपले पाणी नृसिंहवाडीच्या संगमावर आणून ओततात. त्यातले मोठे वळते पाणी एकच, कोयनेचे. ते बोगद्यांतून पश्चिमेला उतरते, वीज करते आणि वाशिष्ठीच्या वाटेने समुद्राला मिळते. बच्छावत लवादाने या वळवणुकीसाठी ६७.५ टीएमसीची मर्यादा घातली. ते पाणी वाडीला येत नसले तरी त्याची वीज राज्यभरचे कारखाने वापरतात. तेव्हा लाभक्षेत्र त्या दिशेनेही पसरले आहे.

आता आकडे पाहावेत. कोयना अभयारण्याचे क्षेत्र ४२३.५५ चौरस किलोमीटर आहे आणि चांदोलीचे ३१७.६७. दोन्ही अभयारण्ये १९८५ साली जाहीर झाली आणि चांदोलीला २००४ साली राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा मिळाला. या दोहोंना एकत्र करून २०१० साली सह्याद्री व्याघ्र प्रकल्प अधिसूचित झाला. बफर क्षेत्रासह त्याचा विस्तार ११६५.५७ चौरस किलोमीटर आहे. दक्षिणेला राधानगरी अभयारण्य ३५१.१६ चौरस किलोमीटरचे आहे. कोल्हापूर संस्थानच्या या शिकारीच्या रानाला १९५८ साली दाजीपूर गवा अभयारण्य म्हणून संरक्षण मिळाले आणि ते राज्यातले पहिले अभयारण्य ठरले. २०१२ साली पश्चिम घाटातील ३९ स्थळांना जागतिक वारशाचा मान मिळाला. त्यात महाराष्ट्रातील चार आहेत: कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी.

या रानांच्या पायथ्याशी तीन जलाशय आहेत. कोयनेची साठवणक्षमता १०५.२५ टीएमसी, वारणेची ३४.४० आणि राधानगरीची ८.३६, एकूण सुमारे १४८ टीएमसी. वरचे जंगल या जलाशयांसाठी काय करते, हे समजायला मोठ्या विद्वत्तेची गरज नाही. जांभ्याच्या पठारांवर आणि उभ्या उतारांवर प्रचंड पाऊस कोसळतो. पाथरपुंजची गणना राज्यातील सर्वाधिक पावसाच्या ठिकाणांत होते. उतारावर झाडोरा असला की माती जागची हलत नाही, पाणी जमिनीत मुरते आणि उन्हाळ्यात झऱ्यांनी पाझरते. झाडोरा गेला की माती धरणात येऊन बसते. धरणाचे आयुष्य अशा रीतीने जंगलाच्या हाती असते.

जंगल असले की महापूर येत नाही, असे म्हणणे अर्थात भाबडेपणाचे ठरेल. २००५, २०१९ आणि २०२१ चे पूर शिरोळ तालुका विसरलेला नाही. कोल्हापूरला राजाराम बंधाऱ्यापाशी धोक्याची पातळी ४३ फूट मानली जाते. २०१९ आणि २०२१ या दोन्ही वर्षी पंचगंगेने ५५ फूट ओलांडले. अशा पावसापुढे कोणतेही रान अपुरे पडते. परंतु पूर आला की सर्वांच्या नजरा खाली अलमट्टीकडे वळतात. वर चांदोली-दाजीपूरकडे कोणी वळून पाहत नाही. अलमट्टीच्या फुगवट्याविषयी भांडावे, जरूर भांडावे. पण डोंगर सोलून काढायचा, पात्रात भराव टाकायचा, आणि दोष तेवढा शेजारच्या राज्यावर ढकलायचा, ही सोयीस्कर नीती झाली.

चाऱ्याची तजवीज

हे रान राखण्याची किंमत आजवर कोणी मोजली? वारणेच्या खोऱ्यातल्या गावांनी आणि धनगरवाड्यांनी. काही धरणाने उठली, काही अभयारण्याने उठली. निवळे, गोठणे, ढाकाळे, झोळंबी, सोनार्ली ही नावे आज वनखात्याच्या नकाशावर कुरणांची, सड्यांची आणि चौक्यांची नावे म्हणून उरली आहेत. उठलेली माणसे खालच्या तालुक्यांत वसाहतींत विखुरली. कोणाला जमीन मिळाली तर पाणी मिळाले नाही. कोणाच्या वाट्याला कसण्याजोगी नसलेली जमीन आली. कोणाचे नाव यादीतच राहिले. चांदोली अभयारण्यग्रस्तांनी आपल्या हक्कांसाठी कोल्हापूरच्या जिल्हाधिकारी कार्यालयापुढे ठिय्या देण्याची वेळ एकदा नव्हे, वारंवार आली. ज्या अभयारण्याची घोषणा १९८५ साली झाली, त्याच्या विस्थापितांना एकविसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकातही रस्त्यावर बसावे लागते, यापेक्षा शासनाच्या नादारीचा दुसरा पुरावा कोणता हवा?

आणखी एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. गावे उठल्यावर त्यांची सोडलेली शेते गवताने भरली आणि आज चांदोलीतील गवे व सांबर त्या कुरणांवर चरतात. पाहुण्यांना कौतुकाने दाखवले जाणारे हे गवताळ माळ अस्पर्श निसर्गाने एकट्याने घडवलेले नाहीत. पिढ्यान्‌पिढ्या कष्टकऱ्यांनी नाचणी-वऱ्यासाठी ती जमीन मोकळी केली होती. वनखात्याच्या माहितीफलकावर या श्रमाचा उल्लेख शोधून सापडणार नाही.

आता वाघांकडे वळू. या प्रकल्पात प्रजनन करणाऱ्या वाघांची वसती नव्हती; २०१८ साली एक वाघ छायाचित्रात आला आणि त्यानंतर डोंगररांगेच्या वाटेने काही नर वाघ स्वतःहून आले. माद्या नसल्याने वंश वाढणे शक्य नव्हते. म्हणून ताडोबा आणि पेंचमधून तीन नर आणि पाच माद्या असे आठ वाघ आणण्याची योजना आखली गेली आणि केंद्राने तिला २०२५ साली मान्यता दिली. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये ताडोब्याची पहिली वाघीण चांदोलीत दाखल झाली. मोहिमेला नाव देण्यात आले ‘ऑपरेशन तारा’. नव्या रानाची सवय व्हावी म्हणून वाघिणीला आधी ज्या प्रशस्त कुंपणात ठेवले गेले ते सोनार्ली येथे आहे.

वाघीण आली याचा आनंदच मानावयास हवा. ती ज्या रानात टिकते ते रान निरोगी असते, आणि सह्याद्रीच्या या भागात वाघाचा वंश पुन्हा रुजणे ही कोणाही सुबुद्ध माणसाला हवीशी गोष्ट आहे. प्रश्न निराळाच आहे. वाघिणीसाठी शासनाने पुरेसे भक्ष्य हवे म्हणून आधी सागरेश्वरहून चितळ आणले, कुंपण उभारले, पशुवैद्य नेमले, गळ्यात पट्टा बांधून तिच्या प्रत्येक पावलावर लक्ष ठेवले. सारे काही शास्त्रशुद्ध आणि टप्प्याटप्प्याने झाले. जे शासन वाघिणीच्या स्थलांतराआधी तिच्या भक्ष्याची तजवीज करू शकते, त्याच शासनाने धनगराला उठवण्याआधी त्याच्या म्हशींच्या चाऱ्याची तजवीज केली होती काय? सोनार्लीच्या माणसांना नव्या जागेची सवय व्हावी म्हणून कोणी किती दिवस थांबले होते? वाघिणीला जे मिळाले ते कमी करा, असे येथे सुचवायचे नाही. तेवढीच काळजी माणसाच्याही वाट्याला यावी, एवढीच मागणी आहे.

निर्मनुष्य कोणासाठी?

यावर शहरी निसर्गप्रेमींचे एक ठरलेले उत्तर असते. वाघाला निर्मनुष्य रान लागते, सबब माणसांनी बाहेर पडले पाहिजे. या म्हणण्यात तथ्याचा अंश आहे. वाघिणीला पिले वाढवण्यासाठी निवांत जागा लागते, हे नाकारण्यात अर्थ नाही. परंतु ज्या कायद्याचा आधार घेऊन हे सांगितले जाते तो कायदा पुरता वाचला जात नाही. २००६ च्या दुरुस्तीनेच असे बंधन घातले आहे, की वनहक्कांची निश्चिती झाल्याशिवाय, सहजीवन अशक्य असल्याचा निष्कर्ष निघाल्याशिवाय आणि ग्रामसभेची माहितीपूर्ण संमती मिळाल्याशिवाय कोणालाही व्याघ्रक्षेत्रातून हलवू नये. त्याच वर्षीच्या वनहक्क कायद्यातही हाच दंडक आहे.

येथे धनगरांची विशेष कोंडी होते. महाराष्ट्रात धनगर अनुसूचित जमातींत मोडत नाहीत. म्हणून वनहक्क कायद्याखाली ते ‘इतर पारंपरिक वननिवासी’ ठरतात. आदिवासी दावेदाराला १३ डिसेंबर २००५ पूर्वीचा वनवास दाखवला की पुरते. इतरांना त्या तारखेपूर्वी तीन पिढ्यांचे, म्हणजे ७५ वर्षांचे, वास्तव्य सिद्ध करावे लागते. ज्याचा वाडा गवताचा, ज्याच्या आजोबांचे नाव सातबारावर कधी चढले नाही, जो चाऱ्यामागे एका सड्यावरून दुसऱ्या सड्यावर जात राहिला, त्याने १९३० सालचा पुरावा कोठून आणावा? कायदा वडीलधाऱ्यांची साक्ष ग्राह्य धरतो. कचेऱ्यांना मात्र कागदच लागतो.

माणसांना हक्क दिले की वाघ नाहीसा होतो, या समजुतीला शेजारच्या कर्नाटकानेच उत्तर दिले आहे. बिळिगिरी रंगन डोंगराचा व्याघ्र प्रकल्प २०११ साली जाहीर झाला आणि त्याच वर्षी तेथील सोलिगा आदिवासींना गाभाक्षेत्रातही सामूहिक वनहक्क मिळाले. देशातले हे पहिले उदाहरण. सोलिगा तेथे राहिले आणि वाघही राहिले. याच्या उलट उदाहरण गोव्यात आहे. जानेवारी २०२० मध्ये म्हादई अभयारण्यात सत्तरी तालुक्यातील गोळावली येथे चार वाघ मृतावस्थेत सापडले. विषप्रयोग झाल्याचे उघडकीस आले आणि तेथील गुरे राखणाऱ्या कुटुंबातील माणसांना अटक झाली. विष घालणे हा गुन्हाच आहे; त्याचे समर्थन होऊ शकत नाही. परंतु ज्याची सारी मत्ता चार गुरांत आहे त्याच्या गोठ्यावर वाघाचा सगळा खर्च टाकायचा आणि भरपाईसाठी त्याला कचेऱ्यांचे उंबरठे झिजवायला लावायचे, या व्यवस्थेचा शेवट विषातच होतो. तेथे प्राण वाघांचेही गेले आणि संसार माणसांचेही मोडले. राधानगरीतून तिळारीकडे आणि पुढे म्हादईकडे जाणारी डोंगररांग हाच सह्याद्रीच्या वाघांचा येण्याजाण्याचा मार्ग आहे. गोळावलीला जे घडले ते आजरा-चंदगडला घडू नये असे ज्याला वाटते, त्याने धनगराच्या गोठ्याचा विचार वाघाच्या विचाराबरोबरच केला पाहिजे.

शिवाय ‘निर्मनुष्य’ हा शब्द निवडकपणे वापरला जातो. त्याचा अर्थ ‘गरिबांविना’ एवढाच उरला आहे. धनगराची म्हैस सड्यावर चढली की जंगलाला धोका पोचतो. पण राधानगरी, शाहूवाडी, चंदगडच्या पठारांवरून बॉक्साइट खणून नेले, तेव्हा त्या मातीखालच्या झऱ्यांचे काय झाले असे विचारणारे थोडेच निघाले. कोयनेच्या शेजारच्या वनकुसवडे पठारावर पवनचक्क्यांसाठी रस्ते कापले गेले. आणि आता साताऱ्याच्या डोंगरात नव्या महाबळेश्वराचा घाट घातला आहे. रस्ते विकास महामंडळाला नियोजनाचे अधिकार देऊन आरंभीच २३५ गावे त्याच्या कक्षेत आणली गेली. ज्या डोंगररांगेत वाघासाठी माणूस नको, तिच्याच शेजारी पर्यटकांसाठी अख्खे गिरिस्थान हवे! डोंगरात राहणारा अडचणीचा आणि शनिवार-रविवार मुक्कामाला येणारा स्वागतार्ह, या भेदाला निसर्गरक्षण म्हणता येत नाही. ती वर्गीय निवड आहे.

विकासाचे कैवारी

दुसऱ्या बाजूला विकासाचे कैवारी उभे आहेत. माधव गाडगीळ समितीने २०११ साली पश्चिम घाटाविषयीचा अहवाल दिला आणि निर्णयाचा अधिकार ग्रामसभांपर्यंत नेण्याचा आग्रह धरला. शासनाने तो अहवाल प्रथम दडवला आणि मग त्याच्यावर दुसरी समिती बसवली. कस्तुरीरंगन समितीच्या २०१३ च्या अहवालानंतर २०१४ पासून संवेदनशील क्षेत्राच्या अधिसूचनेचे मसुद्यांमागून मसुदे निघाले. ३१ जुलै २०२४ चा मसुदा सहावा होता. वायनाडच्या दरडींखाली शेकडो माणसे गाडली गेली त्याच्या दुसऱ्या दिवशीची ही तारीख.

या अधिसूचनेविरुद्ध आवाज उठतो तो डोंगरी शेतकऱ्याच्या नावाने. ‘घर बांधता येणार नाही, गुरे चारता येणार नाहीत’ अशी भीती गावोगाव पसरवली जाते. वस्तुतः त्या मसुद्यातील प्रमुख बंदी आहे खाणींवर, मोठ्या बांधकामांवर आणि प्रदूषणकारी उद्योगांवर. धनगराला ना खाण काढायची असते, ना टोलेजंग इमारत बांधायची असते. त्याच्या खांद्यावर बंदूक ठेवून नेम धरणारे हात निराळे आहेत. परंतु हा अपप्रचार खपतो, याचे कारणही ओळखले पाहिजे. अभयारण्याचा ज्याने एकदा असा अनुभव घेतला, की सरकारने जमीन घेतली आणि दिलेला शब्द पाळला नाही, तो संरक्षणाच्या प्रत्येक नव्या शब्दाला भिणारच. चांदोलीची थकबाकी फेडल्यावाचून सह्याद्रीत संरक्षणाला लोकांचा पाठिंबा मिळणार नाही. २०२१ साली विशाळगड, पन्हाळगड, गगनबावडा, आजरा-भुदरगड, चंदगड या भागांत संवर्धन राखीव क्षेत्रे जाहीर झाली. वाघाच्या भ्रमणमार्गासाठी ती मोलाची आहेत. पण तेथील वाड्यावस्त्यांना चांदोलीचा इतिहास तोंडपाठ आहे.

घनमीटरला दहा पैसे

मग मार्ग कोणता? जो न्याय धरणाला लावला तोच अभयारण्याला लावावा. अभयारण्याचे लाभक्षेत्र कायद्याने निश्चित करावे आणि लाभधारकांनी देणे द्यावे.

हिशेब सोपा आहे. एक टीएमसी म्हणजे सुमारे २ कोटी ८३ लाख घनमीटर पाणी. तिन्ही जलाशयांचे १४८ टीएमसी म्हणजे सुमारे ४१९ कोटी घनमीटर. वर्षातून हा साठा एकदा वापरला जातो असे धरून घनमीटरला, म्हणजे हजार लिटरला, केवळ १० पैसे अधिभार लावला, तर वर्षाला सुमारे ४२ कोटी रुपये उभे राहतात. व्याघ्रक्षेत्रातून स्वेच्छेने बाहेर पडणाऱ्या कुटुंबासाठी केंद्राने २०२१ पासून १५ लाख रुपयांची रक्कम ठरवली आहे. त्या हिशेबाने दरवर्षी सुमारे २८० कुटुंबांची सोय या १० पैशांतून होते. शासनाकडे पैसा नाही ही सबब एवढ्याने निकालात निघते. पाण्याचे ठोक दर ठरवण्यासाठी २००५ च्या कायद्याने जलसंपत्ती नियमन प्राधिकरण अस्तित्वात आहे. नवे खाते काढण्याचीही गरज नाही.

हा भार सर्वांवर सारखा टाकणे मात्र अन्यायाचे होईल. शिरोळचा एकरभर जमिनीचा शेतकरी आणि शेकडो एकरांवर सत्ता चालवणारे घराणे यांना एका मापाने मोजता येत नाही. अल्पभूधारक आणि पिण्याचे पाणी या अधिभारातून वगळावे. वीजनिर्मिती, कारखाने आणि मोठे बागायतदार यांच्यावर तो चढत्या दराने बसवावा. पाण्याला किंमत नाही म्हणून ते बेसुमार सोडले गेले आणि त्यातून शिरोळ तालुक्यातच हजारो एकर काळी जमीन क्षारपड झाली. पाण्याचे मोल कळले तर ऊसवाल्याचेही त्यात हितच आहे.

आणि केवळ पैसा देऊन सुटका नाही. १५ लाखांत शिरोळच्या बागायतीत किती गुंठे येतील, याचा हिशेब शिरोळच्याच शेतकऱ्याने मांडावा. जमिनीला पर्याय जमीनच असते. १९७६ च्या कायद्याचे तत्त्व अभयारण्यग्रस्तांना जसेच्या तसे लागू करून मर्यादेबाहेरच्या बागायतीतून त्यांना जमीन मिळाली पाहिजे. ज्यांना डोंगरातच राहावयाचे आहे त्या धनगरवाड्यांचे सामूहिक वनहक्क मान्य झाले पाहिजेत, वडीलधाऱ्यांच्या साक्षी ग्राह्य धरल्या पाहिजेत, आणि रानाच्या व्यवस्थापनात त्यांना मजुराची नव्हे, सभासदाची जागा हवी. गव्याने पीक तुडवले किंवा बिबट्याने वासरू नेले, तर ठरलेल्या मुदतीत भरपाई हातात पडली पाहिजे. ती दया नव्हे, लाभक्षेत्राने भरलेला खर्च आहे.

खालचे लोक डोंगरासाठी पैसे कशाला देतील, अशी शंका व्यावहारिक राजकारणी काढतील. त्यांनी जुलै २०२५ आठवावा. न्यायालयाच्या आदेशाने शिरोळ तालुक्यातल्या नांदणी मठाची हत्तीण जामनगरला नेली गेली, तेव्हा जातिधर्म विसरून माणसे रस्त्यावर आली, सह्यांच्या चळवळी झाल्या, नांदणीहून कोल्हापूरपर्यंत लोक मूकपणे चालत गेले. त्या निर्णयाविषयी कोणाचे मत काहीही असो. या भूमीत प्राण्यासाठी घरदार सोडून चालणारी माणसे आहेत हे त्यातून दिसले. त्या ममतेला डोंगराची वाट दाखवण्याचे काम राजकीय पक्षांचे होते. ते कोणत्याच पक्षाने केले नाही, कारण त्या वाटेवर पहिली गाठ साखर कारखान्याशी पडते.

येथे चळवळींनाही दोन शब्द ऐकवणे भाग आहे. धरणग्रस्तांची संघटना एकीकडे, वनहक्कांचे कार्यकर्ते दुसरीकडे, वन्यजीवांचे अभ्यासक तिसरीकडे आणि पूरग्रस्तांच्या समित्या चौथीकडे, अशी फाटाफूट आज दिसते. वास्तविक या साऱ्यांचा प्रश्न एकाच पाण्याने जोडलेला आहे. पाथरपुंजला पडलेला पाऊस वाडीच्या पादुकांवरून वाहतो. मधल्या वाटेवर वाघ आहे, धनगर आहे, धरण आहे, ऊस आहे आणि पूरही आहे. यातल्या कोणा एकाला सुटा काढून त्याचा कैवार घेतला, की उरलेल्यांचे शत्रू आपोआप निर्माण होतात.

म्हणून आठही वाघ चांदोलीत पोचण्याआधी शासनाने एक श्वेतपत्रिका काढावी. चांदोली, कोयना आणि राधानगरीच्या रानांतून कोणत्या गावची किती कुटुंबे उठली, कोणाला काय मिळाले, कोणाचे काय राहिले, हे गाववार जाहीर करावे आणि त्या थकबाकीच्या परतफेडीची मुदत सांगावी. अधिभाराचे विधेयक विधिमंडळात मांडावे. तेथे कोण त्याच्या बाजूने हात वर करतो आणि कोण सभागृहाबाहेर निघून जातो, यावरून निसर्गावरच्या भाषणांची खरी पारख होईल. सह्याद्रीतील वाघाला अभय द्यायचे असेल तर त्याच्या नावाने उठवलेल्या माणसाचे देणे प्रथम चुकते करावे लागेल. आणि ते देणे सरकारी कृपेतून नव्हे, संगमापर्यंत पसरलेल्या लाभक्षेत्रातून वसूल झाले पाहिजे.